पश्चिमेकडं तोंड करून केलेल्या पोळ्या

गॅसवाला भिंतीला भोक पाडत होता, आणि माझी कणीक मळून तयार.

मी बंगळुरात व्हाइटफील्डला एका पुण्याच्या कुटुंबाकडं स्वयंपाक करते. मूळची निपाणीकडची. नवरा गेल्यापासून हेच काम.

"मावशी, उद्यापासून शेगडी युटिलिटीत," सर म्हणाले.

युटिलिटी म्हणजे इथल्या फ्लॅटमधली भांडी घासायची बारकी बाल्कनी.

"का हो?"

"पृथ्वीचा चुंबक उलटणार आहे. मोबाइलवर आलंय. स्वयंपाक पूर्वेकडं तोंड करून करायचा ना? चुंबक उलटला की होकायंत्रात आजची पश्चिम तीच पूर्व. आमच्या ऑफिसात सर्व्हर बदलायचा असला की आम्ही आधीच हलवून घेतो. ऐनवेळी धावपळ नको."

वास्तूवाला अण्णा मान हलवत होता. "सरी सर, करेक्ट. स्वल्प आधी केलेलं चांगलं." त्याची फी त्याला मिळाली होती.

मग मी पश्चिमेकडं तोंड करून उभी राहिले. समोर जाळी, आणि वारा थेट तोंडावर. जाळ आडवा व्हायचा, विझायचा. पोळी एका बाजूनं कच्ची, दुसऱ्या बाजूनं काळी. स्वेटर घातला, कानाला फडकं बांधलं. गुडघे धरले ते धरलेच. करत राहिले. दुसरं काय करणार?

एक दिवस मॅडमनी ताट बाजूला सारलं. "मावशी, तुमचं आता वय झालं. पुढच्या महिन्यापासून दुसरी बघतो."

मी बरं म्हटलं. वाऱ्याचं नाव सांगून कोण ऐकतंय? पण खोलीचं भाडं काही वय बघत नाही.

त्याच आठवड्यात सरांचे वडील पुण्याहून आले. कॉलेजात भूगोल शिकवायचे. मला तसं उभं बघून म्हणाले, "बाई, तुम्ही इथं काय करताय? शिक्षा झालीय का?"

मी सगळं सांगितलं. ते हसले नाहीत. सरांना तिथंच हाक मारली आणि आमटीकडं बोट केलं.

"ही उकळी बघ. खालचं तापून वर येतं, गार होऊन खाली जातं. पृथ्वीच्या पोटात वितळलेलं लोखंड असंच घुसळतंय. शिवाय पृथ्वी गरगर फिरते. त्यातनं वीज होते, विजेनं चुंबक होतो. पण उकळी कधी एका चालीनं राहते का? मधेच घोळ होतो, चुंबक ढिला पडतो. परत सावरताना कधीकधी उलटा उभा राहतो. पूर्वी पुष्कळदा झालंय."

"म्हणजे होणार तर!" सरांना बरं वाटलं.

"होईल. पण उलटायलाच हजारो वर्षं लागतात. कधी सुरू होईल ते कुणाला ठाऊक नाही. आणि सुई उलटली तरी सूर्य उगवायचा तिकडंच उगवणार, गाढवा!"

सरांनी बोटांवर काहीतरी मोजलं. मग म्हणाले, "म्हणजे आपल्याकडं टाइम आहे."

"आहे."

"मग सध्या शेगडी आत घेऊ. इथली गॅसची नळी मात्र काढायची नाही. तयारी असू दे."

शेगडी आत आली. पोळ्या फुगायला लागल्या. मॅडम म्हणाल्या, "मावशी, आता मन लावून करताय हं. राहा तुम्हीच." मी बरं म्हटलं.

युटिलिटीतली नळी अजून तशीच आहे. पाहुणे आले की सर दाखवतात. एरवी मी तिच्यावर फडकी वाळत घालते.

आता जोडीला आणखी एखादं घर धरताना मी पगार नंतर विचारते. आधी विचारते, घरात मालकाला गाढव म्हणणारं कुणी आहे का?