सहीपुरती माणसं

"पोरीला उठव रं. ती खुर्ची कमिटीची हाय."

आणि मी उठले. हे आधीच सांगून टाकते, कारण मला चीड त्याचीच जास्त येते.

निपाणीजवळच्या आमच्या गावात चौदा एप्रिलच्या आधी पोलीस स्टेशनात शांतता समितीची बैठक होते. पुढारी, दुकानदार, दोन मास्तर खुर्च्यांवर. आमच्या वस्तीची माणसं दाराशी उभी. मिरवणूक आमची, रस्ता ते ठरवणार. शेवटी कागद दाराशी येतो आणि आप्पा, म्हणजे माझे वडील, सही करतात. मला कळतंय तेव्हापासून हेच.

यंदा त्यांचे गुडघे लई दुखत होते म्हणून मी सोबत गेले. एक खुर्ची रिकामी होती. आप्पा बसेनात, म्हणून मीच बसले. समितीच्या अध्यक्षांनी, गाव त्यांना अण्णा म्हणतं, माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. आप्पांनाच बोलले. आप्पा त्यांच्याहून वयानं मोठे आहेत.

मी बेळगावात पीएच.डी. करते. विषय, शांतता कशी उभी राहते आणि जगाचा कारभार हाकणाऱ्या संस्था कशा सुधाराव्यात. पाच देशांच्याच हाती नकाराधिकार का, ज्यांच्या घरावर बाँब पडतात त्यांना बैठकीत जागा का नाही, यावर पानंच्या पानं लिहिलीत. मागच्याच महिन्यात टिळकवाडीतल्या परिसंवादात टाळ्या घेतल्या. आणि इथं एका माणसाच्या शब्दावर उठले. आग लागो त्या टाळ्यांना.

मग कागद आला. ठराव कन्नडात. आप्पा कन्नड फाडफाड बोलतात, वाचता येत नाही. मी वाचला. मिरवणूक पेठेतून न जाता ओढ्याच्या वाटेनं जाईल, आणि तशी विनंती वस्तीनंच केली आहे.

"आप्पा, ही विनंती तुम्ही केली?"

"दरसाल असंच असतंय गं. भांडण नगं."

मी त्यांच्या हातातलं पेन काढून घेतलं. फौजदारांना सांगितलं, हे खोटं आहे, सही होणार नाही. ते म्हणाले, मग परवानगीही होणार नाही. अण्णा हसले.

"शिकून शानी झालीस, आता गावाची शांतता मोडतीस व्हय?"

"आम्हाला न विचारता केलेली शांतता तुमची हाय. आमची न्हाय."

मिरवणूक निघाली नाही. आप्पा चार दिवस माझ्याशी बोलले नाहीत. वस्तीतली पोरं म्हणतात, हिच्यामुळं आमचा सण बुडाला. माझे मार्गदर्शक म्हणतात, प्रबंधात गावातलं घालू नकोस, विषय जागतिक आहे. डोकं फिरायची वेळ आलीय.

पण घालणार. आणि पुढल्या बैठकीआधी वस्तीत घरोघरी जाऊन तो ठराव मराठीत वाचून दाखवणार. आम्हाला पेठेतून अडवायचं असेल तर खुशाल अडवावं. पण त्या कागदाखाली सही त्यांची असेल, आमची नाही.