सुमनताईंचे मोदक

बाळांनो, सोसायटीच्या गणपतीची आरती झाली, तरी सुमनताईंच्या उकडीच्या मोदकांना कुणी हात लावेना. बाप्पाचा हार चोरल्याच्या आरोपातून कोर्टाने त्यांना नुकतंच निर्दोष सोडलंय.

“घ्या ना, वहिनी,” त्या शेजारणीला म्हणाल्या.

“उपास आहे हो,” म्हणत वहिनींनी दुसऱ्या ताटातली करंजी उचलली.

मागून कुणीतरी पुटपुटलं, “कोर्टाला काय कळतंय!”

मी दोन मोदक खाल्ले, पण जिवाला स्वस्थता नाही. कोर्टात साक्षीदाराला उलट प्रश्न तरी विचारता येतात. इथे तोंडावर कुणी आरोपच करत नाही, मग सुमनताईंनी उत्तर द्यायचं कुणाला?

डब्याचं झाकण लावत सुमनताईंनी विचारलं, “उद्या किती करू?”

जो तो आपापली चप्पल शोधू लागला.

“नेहमीइतकेच,” मी म्हटलं.

त्या माझ्याकडे नाही, इतरांकडे बघत राहिल्या.