मठ्ठपणाची नोकरी

सातवीतून शाळा सोडून मी सांगलीकडून कालव्याच्या कामावर गोंदियाला आलो होतो. काम संपलं, टोळी गावी परतली, मी तापानं फणफणून मागं राहिलो. तेव्हा एका निवृत्त ओव्हरसियर साहेबांनी घरामागची खोली दिली, दोन वेळचं जेवण दिलं. बदल्यात मी मठ्ठ राहायचं, एवढंच काम.

साहेब गवंड्यांसाठी पुस्तकं लिहायचे. जिना, खोलीचा काटकोन, छपराचा उतार. कॅल्क्युलेटरचं कुठलं बटण कुठल्या बटणानंतर दाबायचं, ते ओळीनं. प्रत्येक पान आधी माझ्यावर चालवायचे. मी अडखळलो की ओरडायचे, "काऊन बे, डोस्क्यात भुसा भरला का?" आणि पान फाडून नव्यानं लिहायचे. आज हाकलतील, असं मला रोज वाटायचं. पण शिव्या खाता खाता गणित कळायला लागलं होतं, आणि त्याचा आनंद लपवता लपत नव्हता.

जिन्याच्या पानावर मी कुठंच अडखळलो नाही. साहेबांनी ते छापलं.

मग केशोरीचा एक मिस्त्री पुस्तक नाचवत दारात आला. पुस्तकाप्रमाणं विटांचा जिना चढवला, तर शेवटच्या पायरीला उंची बोटभरच उरली.

"मालक म्हणते, हे पायरी उंदरासाठी बांधली का?"

साहेबांनी आम्हा दोघांना शेजारी बसवून तेच पान कॅल्क्युलेटरवर करायला लावलं. माझं उत्तर बरोबर आलं, मिस्त्रीचं चुकलं. साहेबांची नजर माझ्या बोटावर होती. सुरुवातीलाच मी मेमरी पुसून घेतली होती. पानात ते लिहिलेलंच नव्हतं. मिस्त्रीच्या कॅल्क्युलेटरमध्ये आधीच्या हिशेबाचा आकडा तसाच होता, तो उंचीत मिसळला होता.

"हे तुले कोणी सांगितलं?"

"सवय झाली, साहेब."

"म्हणजे शिकला तू! माझ्याच घरात राहून शिकला, हरामखोर! आता मले दुसरा मठ्ठ पाहावा लागते."

मी पाय धरायला वाकलो. त्यांनी पाय मागं घेतले.

"ने याले," ते मिस्त्रीला म्हणाले.

"याले? याच्यापायीच तर माहा जिना..."

"पुस्तक चुकलं. याचा हात चुकत नाही. ने म्हणतो ना!"

मिस्त्रीनं मला वरून खालपर्यंत पाहिलं. "पहिले तो जिना फोडशील. मंग पाहू. बस मांगं."

साहेबांनी दार लावून घेतलं. मी त्या बंद दाराला नमस्कार केला आणि मिस्त्रीच्या मोटारसायकलवर बसलो.