पावणं, आधी कारण सांगा

शैलाताईंनी मरणाकडे मुदतवाढ मागितली होती.

मिळाली.

हे मी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं. वकिलानं असलं काही सांगितलं की लोक फाइल उचलून दुसरीकडे जातात.

आज त्यांना जाऊन तीन वर्षं झाली. आता बोलते.

मी त्यांची ज्युनिअर. सरकारी ऑफिसनं मुदत नाकारली की कोल्हापुरातली माणसं ताईंकडे यायची. त्या प्रत्येकाला बजावायच्या, कोर्ट मुदत वाटत बसत नाही. साहेबानं नाही म्हणताना डोकं वापरलं का, कारण दिलं का, एवढंच बघतं.

शेवटची केस रेश्माची. इचलकरंजीच्या माग कामगाराची मुलगी.

नर्सिंगला नंबर लागला, पण जात पडताळणीचा दाखला समितीनंच उशिरा दिला. तो जमा करायला तिनं ॲडमिशनच्या ऑफिसकडे मुदतवाढ मागितली. उत्तर एका ओळीचं, देता येत नाही.

सोमवारी मुंबईला हायकोर्टात सुनावणी. त्याच संध्याकाळी ॲडमिशन बंद.

आणि ताई हॉस्पिटलमध्ये. डॉक्टरांनी हात टेकलेले.

शनिवारी दुपारी भेटायला गेले. कॉटजवळची खुर्ची ओढायला लागले तर म्हणाल्या,

"तितं नको. पावणं बसल्यात."

खुर्ची रिकामी होती.

मला वाटलं, औषधांचा परिणाम. पण आवाज अगदी कोर्टातला. खुर्चीकडे बघून त्या बोलायला लागल्या.

"आज न्यायचं म्हणताय, ते का? मी गेले तर ही माझ्या मातीला थांबंल, मुंबईला जायची न्हाय. तिकडं त्या पोरीची सीट जाईल. सोमवार संध्याकाळपर्यंत मुदत द्या. न्हाय म्हणायचं असंल तर कारण सांगा."

मग समोरचा बोलतोय आणि आपण ऐकतोय, तशी मान हलवत राहिल्या.

मी खुर्चीपासून दोन पावलं मागं सरकले.

"दिली," त्या म्हणाल्या. "तू उद्याची गाडी पकड."

सोमवारी जज साहेबांनी एकच विचारलं, नकाराचं कारण कुठंय? सरकारी वकिलांनी कागद चाळले, पण त्यात कारण नव्हतंच. नकार रद्द झाला. आजच नव्यानं निर्णय घ्या आणि कारणं लिहा, असा आदेश निघाला.

संध्याकाळी रेश्माचा दाखला घेतला गेला. मी लगेच फोन लावला. ताईंच्या भावानं तो त्यांच्या कानाशी धरला.

"झालं?"

"झालं, ताई."

"बरं. चला, पावणं."

नंतर फोनवर फक्त भावाचं रडणं ऐकू आलं.

रेश्मा आता शेवटच्या वर्षाला आहे, वॉर्डात ड्युटी करते. त्या खुर्चीचं तिला काहीच माहीत नाही.

काल तिचा फोन आला. राधानगरीकडचे एक आजोबा सकाळी तिच्यासमोरच गेले. जायच्या आधी तिला म्हणाले, सिस्टर, पावणं उभं हायत, खुर्ची द्या की.

तिथं कुणीच नव्हतं. तरी तिनं खुर्ची ठेवली आणि विचारलं, कोण पावणं?

"लई रीतभातीचं हायत. आदी कारण सांगत्यात, मगच नेत्यात. म्हणत्यात, एका वकीलबाईनं लावल्याली सवय हाय."

आजोबा अगदी शांत गेले, म्हणाली. मग मला विचारलं, "मॅडम, कोण असेल हो ती बाई?"

मी तिच्या ड्युटीचं विचारून विषय बदलला. भीती वाटत होती आणि ताईंचा अभिमानही वाटत होता. फोन ठेवून खूप रडले.

ताई, फार आठवण येते. भावपूर्ण आदरांजली.

आणि पावणं, माझ्याकडे याल तेव्हा बसायला खुर्ची देईन. पण कारण विचारणार.