बुटकी वाढली ती दुपार

आमच्या संगीत नाटक कंपनीत टोपणनाव एकदा चिकटलं की ते मेल्याशिवाय सुटत नसे. बुटकीचं तसंच झालं. ती आली तेव्हा टेबलाखालून ताठ मानेनं चालत जायची, म्हणून कुणीतरी तिला बुटकी म्हणालं. पुढं ती दाराच्या चौकटीला डोकं लागेल इतकी वाढली, तरी बुटकीच. तिचं खरं नाव मला माहीत आहे. पण ते इथं लिहिलं तर ती मला घरात घ्यायची नाही, आणि या वयात हक्कानं चहा मागायची घरं कमीच उरतात.

आई लहानपणीच गेली, बापानं दुसरा संसार मांडला. तेव्हा आईच्या धाकट्या बहिणीनं पोरीला काखोटीला मारलं आणि कंपनीत आणलं. ही मावशी आमची नायिका. आवाज खणखणीत आणि जीभ त्याहून खणखणीत. तालमी चालायच्या तेव्हा बुटकी विंगेत कपड्यांच्या ट्रंकेवर झोपलेली असायची, आणि जागी झाली की सगळ्यांची पदं म्हणून दाखवायची. नायकाची तर तो जिथं चुकायचा तिथं न चुकता.

मालकांच्या हाती तेव्हा एक नवं नाटक होतं. चूक नसताना तुरुंगात गेलेली आई, मागं राहिलेली सहा वर्षांची पोर. आई सुटून येते, पोर तिला ओळखत नाही. मग आई पहिल्या अंकातली अंगाई गुणगुणते. पोर थबकते, धावत येते, "आई, मला वर घे" असं गाते, आई तिला उचलते आणि पडदा. एवढ्यावर कंपनी वर्षानुवर्षं जेवली. त्यातली आई मावशी करायची आणि पोर बुटकी. त्या उचलण्याला थिएटरभर रुमाल निघायचे आणि मालक विंगेत हात चोळत पुटपुटायचे, "रडतायत. रडतायत लेकाचे."

आता पोरांना एक वाईट खोड असते. ती वाढतात.

मालकांनी दुसऱ्या मुली आणून पाहिल्या. एक स्टेजवर खरंच रडायला लागली, दुसरीला सूर आणि शिंक यांतला फरक कळत नव्हता. लोक विचारायला लागले, ती आधीची कुठंय? तेव्हा मालकांच्या डोक्यातून एक अचाट कल्पना निघाली. पोर लहान करता येत नाही ना, मग बाकीचं सगळं मोठं करा.

त्यांनी सुताराला बोलावलं. सुतार म्हणजे अबोल माणूस, तोंडात कायम दोन खिळे. त्यानं दार उंच केलं. टेबल बुटकीच्या हनुवटीपर्यंत नेलं. खुर्ची अशी केली की बसल्यावर तिचे पाय लोंबकळावेत. बुटकी वाढली की सामान वाढायचं. मावशीला झग्याखाली जाड तळाचे बूट आले. नट घेताना मालक आधी त्याला चौकटीखाली उभा करायचे आणि गळा मागाहून ऐकायचे. त्यामुळं मधली काही वर्षं आमच्याकडे असे नायक होते की ज्यांचं डोकं छताला लागायचं, पण सूर कशालाच लागायचा नाही.

उचलण्याची सोय सुतारानं दिवाणामागं केली होती. तिथं एक दडवलेली पायरी होती. बुटकी धावत येऊन तिच्यावर चढायची, मावशी कमरेला मिठी मारायची. समोरून पाहणाऱ्याला वाटायचं, काय उचललंय पोरीला. उचललं होतं ते सुतारानं.

राहिलेलं सगळं बुटकीच्या अंगावर. छातीला घट्ट पट्ट्या, दोन वेण्या, नाकातून काढलेला बारीक आवाज आणि झग्याच्या आत गुडघे वाकवून चालणं. तिला जेवायला वाढताना मावशीचा हात आखडता.

"सहा वर्षांची पोर इतकं खात नाही," मावशी म्हणायची.

"सहा वर्षांच्या पोरीकडं पेटीवाल्याचा भाचा असा बघतही नाही, मावशी."

"त्याचे डोळे काढते मी. तू ताट उचल."

कंपनीत कुजबुज होती, की मावशी तिला मुद्दाम वाढू देत नाही. भाची मोठी झाली की नायिका होणार आणि मावशी अडगळीत जाणार. ही कुजबुज मी सुरू केली असं मावशी मरेपर्यंत म्हणत होती. साफ खोटं. मी फक्त पुढं पाठवली.

पण मावशीला दुसरीही एक भीती होती, आणि ती खरी होती. मालकांनी बजावून ठेवलं होतं, ज्या दिवशी त्या उचलण्याला हशा येईल, त्या दिवशी नाटक मेलं, आणि मावशी-भाची दोघींनी आपलं बिऱ्हाड उचलायचं. बिऱ्हाड म्हणजे काय, तर कंपनीचीच एक खोली. बाहेर त्यांचं म्हणावं असं दारही नव्हतं.

असं असताना ती दुपार आली. परगावचा प्रयोग, सगळी तिकिटं गेलेली. आम्ही माणसं आणि कपड्यांच्या ट्रंका बसनं पोचलो. सामानाचा ट्रक मात्र वाटेत आस मोडून बसला. दार, टेबल, खुर्ची, दिवाण, पायरी, मावशीचे बूट, सगळं त्यात.

मालकांनी आधी कपाळाला हात लावला, मग थिएटरच्या मॅनेजरकडून त्याच्याच ऑफिसातलं टेबल आणि खुर्ची मागून घेतली. एक बाक मिळाला. दार त्या स्टेजचंच, चारचौघांच्या मापाहूनही ठेंगणं.

रंगपटात बुटकी वेण्या घालत होती. मी तेव्हा प्रॉम्प्टर होतो, म्हणजे विंगेत बसून अडलेल्याला हळूच वाक्य पुरवणारा. सबंध कंपनीत आत-बाहेर करायची मोकळीक मला एकट्यालाच, आणि तिचा मी पुरेपूर फायदा घेत असे.

"आज गुडघे आणखी वाकव," मावशी म्हणाली.

"आणखी वाकवले तर बसलेच म्हणायचं."

"मग बस. पण हसू येऊ देऊ नकोस लोकांना."

"लोकांचं हसू माझ्या हातात असतं का, मावशी? हसले तर मालक घरी पाठवतील, एवढंच ना."

"कुठल्या घरी?" मावशी आरशातूनच म्हणाली.

 वेणीचा शेवटचा पेड बुटकीनं इतका आवळला की रिबिनीचा टाका तुटला.

पडदा उघडला. बुटकी दारातून आली आणि तिची रिबीन चौकटीला घासली. सबंध थिएटर जरा पुढं झुकलं. ती खुर्चीत बसली, पाय सरळ जमिनीला लागले. तिनं चटकन ते वर ओढून मांडी घातली. वाकवलेल्या गुडघ्यांनी टेबलाजवळ गेली, तर टेबल कमरेखाली. गाण्यात मात्र ती कुठं ढळली नाही, त्यामुळं पहिला अंक कसाबसा तरला. दुसऱ्यात तुरुंगातून सुटलेली आई म्हणून मावशी तिच्या शेजारी येऊन उभी राहिली आणि बाल्कनीतून कुणीतरी नको तेवढ्या मोठ्यानं विचारलं, "यातली आई कुठली?"

दोन-चार जण फुसकन हसले. बाकीच्यांनी त्यांना गप्प केलं. विंगेत मालक मफलरचं टोक चावत होते.

मध्यंतरात ते सुताराकडं आले. पडदा त्या दिवशी सुताराच्याच हातात होता, सामानच नसल्यानं त्याला दुसरं काही काम नव्हतं.

"शेवटी ती 'वर घे' म्हणाली की पडदा सोड. उचलायची वाट बघायची नाही. कळलं?"

सुतारानं मान हलवली. होकारार्थी की नकारार्थी, ते खिळ्यांमुळं नीट कळलं नाही.

तिसरा अंक. मावशीनं अंगाई गुणगुणली. बुटकी थबकली, धावत आली, नाकातून "आई, मला वर घे" गायली आणि उभी राहिली. पायरी नव्हती. पडदा पडला नाही. मी वळून पाहिलं, तर सुताराच्या मुठीत दोर तसाच आवळलेला.

"सोड," मालक दबक्या आवाजात म्हणाले. सुतार स्टेजकडं पाहत राहिला.

मावशीनं कमरेला मिठी घातली आणि उचललं. म्हणजे उचलायला गेली. बुटकीचे पाय जमिनीवरच. तिनं पुन्हा जोर लावला, मानेच्या शिरा ताठल्या, रंगातून घाम फुटला. बाल्कनीत तो मघाचा आवाज खिंकाळला. त्याच्या बाजूला दुसरा. हशा असाच येतो, आधी एका कोपऱ्यात, मग वणव्यासारखा.

आणि बुटकीनं गुडघे सरळ केले.

इतकी वर्षं वाकलेली ती पोर एकदम उभीच राहिली. मावशीचं डोकं तिच्या खांद्याशी आलं. हसणारे क्षणभर थांबले, आपण कशाला हसत होतो ते त्यांनाच कळेना. तिनं एक हात मावशीच्या पाठीमागं घातला, एक गुडघ्यांखाली, आणि मावशीलाच उचललं. अलगद, झोपलेलं लेकरू उचलावं तसं. आणि अंगाई म्हणायला लागली. नाकातून नाही. पोटातून, खालच्या सुरात, मोठ्या बाईच्या भरदार आवाजात. तो आवाज तिच्यात आहे हे आम्हालाही ठाऊक नव्हतं.

मी विंगेत सगळ्यात जवळ होतो, म्हणून मला ऐकू आलं. मावशी दातांतून म्हणत होती, "खाली ठेव, मेले."

दोन ओळींच्या मधल्या श्वासात बुटकी म्हणाली, "हलू नकोस, पडशील."

कडवं संपलं तेव्हा सुतारानं दोर सोडला. टाळी नाही, हशा नाही. मालकांनी डोळे मिटून घेतले. मग पुढच्या रांगेत कुणीतरी नाक शिंकरलं. त्यामागून टाळी आली ती थांबेचना, आणि तिच्यात बाल्कनीतून एकदोन शिट्ट्याही होत्या. ही स्तुती की चेष्टा, ते मालकांना ठरवता येईना. त्यांचं तोंड दोन्हींसाठी तयार होतं.

पुढचं थोडक्यात सांगतो. बुटकीनं त्या नाटकात आईचं काम धरलं आणि मग बाकीच्या नाटकांत नायिकेचं. तिच्यामुळं कंपनीतल्या नायकांचे गळे सुधारले, कारण आता मालकांना माणसं उंचीवर निवडायचं कारण उरलं नव्हतं. पेटीवाल्याच्या भाच्याशी तिनं लग्न केलं, त्यानं डोळे शाबूत राखले होते. कंपनी बुडाली, दुसरी निघाली, तीही बुडाली, बुटकी गातच राहिली. परवाच तिनं एका नाटकात आजीचं काम केलं. नवा दिग्दर्शक म्हणाला, जरा वाकून चाला. तर म्हणाली, "वाकायचा माझा कोटा लहानपणीच संपला."

पण त्या दुपारी रंगपटात जे झालं, ते मी दाराआडून ऐकलं, ते सांगायचं राहिलं.

मावशी आरशासमोर बसली होती, रंग न पुसता. बुटकी भिंतीला टेकून उभी.  मालक आत आले.

"ते उचलणं... उद्याही तसंच करा," ते म्हणाले.

"उद्यापासून आईचं काम ही करेल," मावशी म्हणाली. "मी शेजारीण करते. पोर तुम्ही शोधा."

बुटकी भिंतीपासून हलली. "मावशी, मी तसं म्हटलं नव्हतं."

"तू म्हणायची वाट बघत बसले असते तर कंबर मोडली असती माझी. मालक, खोली आमचीच राहील. आणि हिला जेवायला पोटभर."

मालकांनी बुटकीकडं खालपासून वरपर्यंत पाहिलं, पहिल्यांदाच पाहिल्यासारखं. तिच्या वयाबद्दल वर्तमानपत्रांना थापा देऊन देऊन त्यांचा स्वतःचाच हिशेब बुडाला होता.

"खरं वय काय हिचं?"

बुटकीनं मावशीकडं पाहिलं. मावशीनं कापसाचा बोळा तेलात बुडवला आणि गालावरचा रंग पुसायला घेतला.

"सतरा."

"सतरा? म्हणजे मग तुमचं वय..."

"हिचं विचारलंत ना?" मावशी म्हणाली. "जाताना दार ओढून घ्या."