पेपरवरचं पहिलं नाव

घरात जुनी औषधं साठतात तसे आमच्या मेडिकल कॉलेजात किस्से साठत जातात. मुदत संपलेली असते, पण टाकवत नाहीत. त्यातले निम्मे आमच्या अ‍ॅनाटॉमीतले, म्हणजे शरीररचना शिकवणाऱ्या विभागातले, आणि त्या निम्म्यांना कारण एकच, प्रमोशनचे नियम. टेबलं तीच, शिकवणारे तेच, नियम तेवढा नवा.

आस्थापनेच्या टेबलावर खाजाभाई बसतात. सगळी परिपत्रकं त्यांच्याकडं. एकदा मी त्यांना विचारलं, "सहयोगी प्राध्यापकाला प्राध्यापक व्हायला नेमकं लागतं तरी काय?"

चष्मा पुसत ते म्हणाले, "कौनसा रूल होना डॉक्टरसाब? सुबे का, की शाम का?"

मी हसलो. ते हसले नाहीत. दुपारच्या टपालात खरंच नवीन परिपत्रक आलं.

माझंच सांगतो. डिसेक्शन करताना देहदानात आलेल्या एका देहात मला हाताची एक धमनी भलत्याच वाटेनं गेलेली दिसली. असं क्वचितच सापडतं. मी हौसेनं त्यावर छोटा लेख, म्हणजे केस रिपोर्ट, लिहिला, तो जर्नलात छापूनही आला. मिठाई वाटून झाली आणि खाजाभाईंनी कागद पुढं केला: केस रिपोर्ट यापुढं बढतीसाठी धरले जाणार नाहीत.

डिसेक्शन हॉलचे अटेंडंट रंगनाथमामा हर्सूलहून सायकलवर येतात. पेढा खाऊन झाल्यावर त्यांनी सगळं समजून घेतलं आणि म्हणाले, "त्या माणसानं देह दिला, शीर दाखवली, तरी तुमचं काम झालं नाय व्हय? आता आणखी काय करावं त्यानं?"

पण खरी गोष्ट साळवे मॅडमची. त्या आमच्यातल्या सगळ्यांत ज्येष्ठ, मूळच्या फुलंब्रीच्या. वडील निवृत्त मास्तर. फोनवर लेकीला तब्येत नंतर विचारायचे, आधी विचारायचे, "पाटी बदलली का गं?" मॅडमच्या दारावरच्या पाटीवर 'सहयोगी प्राध्यापक' ही अक्षरं पुसट व्हायला आली होती, आणि निवृत्तीला वर्षच उरलं होतं.

मॅडमचा हॉलमधला नेम ठरलेला. उत्तर आलं नाही की उभं राहायचं आणि मॅडम 'बस' म्हणेपर्यंत बसायचं नाही. मीही त्यांचाच विद्यार्थी. माझं पहिलं वर्ष बहुतेक उभ्यानंच गेलं.

मग नियम आला, शिकवावं कसं याचा कोर्स केलेला हवा. आयुष्यभर शिकवत आलेल्या मॅडम वही घेऊन मागच्या बाकावर बसल्या. तरुण ट्रेनर गोड आवाजात म्हणाला, "मॅडम, विद्यार्थ्याला उभं करणं आता जुनं झालं."

मॅडम म्हणाल्या, "मी तरी कुठं बसते? मीपण उभीच असते."

सर्टिफिकेट मिळालं, पण इंटरव्ह्यू होऊन गेल्यावर. ती खेप हुकली.

पुढच्या खेपेला नवा अडसर. पेपर, म्हणजे छापून आलेला शोधनिबंध, बढतीला धरायचा तर त्यावर पहिलं नाव तुमचंच हवं. मॅडमचे पेपर सात, आणि सातही पेपरांवर पहिलं नाव कुठल्या ना कुठल्या विद्यार्थ्याचं. सगळ्यांत जुना पेपर देवगाव रंगारीच्या काळेचा. तो आता दुसऱ्या शहरात प्राध्यापक आहे, विभागप्रमुख आहे.

यादी बघून खाजाभाई हळहळले. "मॅडम, आप का नाम जरा उप्पर नै सरका सकते क्या?"

"हात त्या पोरांचे चालले, खाजाभाई. नाव त्यांचंच."

मला तेव्हा मॅडमचा रागच आला. इतकं सरळ वागायला कुणी सांगितलं होतं? त्यांना मात्र त्यात विशेष काही वाटत नव्हतं, आणि त्याचाच मला जास्त राग येत होता.

मॅडमच्या या शेवटच्या इंटरव्ह्यूला फायली घेऊन खाजाभाई आत होते, म्हणून पुढचं त्यांच्या तोंडून ऐकलेलं. कमिटीत तिघं होते. बाहेरगावाहून आलेले तज्ज्ञ म्हणजे नेमके डॉ. काळे. मॅडमना बघून ते गडबडले आणि फाईल उघडून खाली बघत राहिले. अध्यक्षांनी खूण केली तसा त्यांनी ठरलेला प्रश्न विचारला, "पहिलं नाव तुमचं आहे, असा पेपर?"

"पेपर आहे, डॉक्टर," मॅडम म्हणाल्या. "पहिलं नाव तुमचं आहे."

काळेंनी फाईल मिटली. खुर्ची मागं सरकवून उभे राहिले.

अध्यक्षांनी त्यांच्या खुर्चीकडं हात केला. मग म्हणाले, "अहो डॉक्टर, बसा ना. पुढचं विचारा."

"नाही सर," काळे म्हणाले. "मॅडम अजून बस म्हणाल्या नाहीत."