धनेशाची ढोली

गेल्या महिन्यात फोनवर तुमच्यातल्या धाकटीने मला विचारले, "आजी, तुझ्याकडे आधी होते आणि आता नाहीत असे कोणते प्राणी?" शाळेत तिला शिकवले होते की जगभर रानातली जनावरे आणि पाखरे कमी होत चालली आहेत, त्यांची राहायची ठिकाणेही जात आहेत. प्रत्येकाने घरातल्या मोठ्या माणसाला विचारून यायचे होते. मी म्हटले, आठवून लिहून पाठवते. तुम्हाला माझी सवय ठाऊक आहे. वही घेतली, पट्टीने तीन रकाने आखले. काय होते, कुठे होते, कधी दिसेनासे झाले.

पहिले दोन रकाने भराभर भरले. गिधाडे, कन्हान नदीच्या काठच्या मोठ्या झाडांवर. कोल्हे, ज्वारीच्या वावरांत. सुगरणीचे खोपे, विहिरीवर वाकलेल्या बाभळीला. तिसऱ्या रकान्यात मात्र पेन अडले. गिधाडे कधी गेली? मी तेव्हा शाळेत इंग्रजी शिकवत होते. बसने रोज त्या पुलावरून जात होते, बहुतेक वेळा खिडकीशी बसून, आणि तरीही मला सांगता येत नाही. ती होती हे आठवते. ती नाहीत हे केव्हातरी लक्षात आले. मधले काहीच आठवत नाही.

एकाच नावापुढे मला दिवस लिहिता आला, आणि वेळसुद्धा. सकाळचे साडेआठ. ती वेळ मीच ठरवली होती. तेवढे एकच तुम्हाला सविस्तर लिहिते.

रामाकोन्याजवळच्या आपल्या संत्र्याच्या बागेत दक्षिणेच्या धुऱ्यावर एक गावरान आंबा होता. धुरा म्हणजे शेताची हद्द, हे तुमच्या वडिलांनी सांगितले असेलच. आंबा तुमच्या आजोबांच्या आजोबांनी लावलेला. फळ आंबट, तंतूचे, लोणच्यापुरते. त्याचे खोड दोघांच्या कवेत मावत नव्हते, आणि अलीकडे एक बाजू पोकळ झाली होती. त्याच्या सावलीतल्या संत्र्यांना बहारच धरत नव्हता. झाडे हिरवीगार, पण वांझ. तुमचे आजोबा असेपर्यंत आंब्याला हात लावायचा विषय नव्हता. ते गेल्यावर दोन वर्षांनी मी ठरवले की तो काढायचा. परवानगीचा कागद रीतसर आणला. आरी, दोर आणि ट्रॅक्टर घेऊन येणारा ठेकेदार ठरवला.

आता दिवस कसा ठरला ते सांगायला हवे, कारण सगळे तिथेच आहे. आपण बागेत मृग बहार, म्हणजे पावसाच्या तोंडाशी येणारा फुलोरा, घेतो. त्यासाठी भर उन्हाळ्यात संत्र्याचे पाणी महिनाभर पूर्ण बंद करतात. पाने मलूल होतात, काही गळतात. याला ताण देणे म्हणतात. मग पाणी सोडले की झाड एकदम फुलावर येते. आजोबा म्हणायचे, जिवाला घोर लागला की झाडाला लेकरे आठवतात. या महिन्यात बागेत काही काम नसते. पंपाला कुलूप असते आणि आम्ही कोणी तिकडे फिरकत नाही. जमीन मात्र दगडासारखी टणक होते, आणि ट्रॅक्टर आत नेता येतो तो तेवढ्याच दिवसांत. एकदा पाणी सोडले आणि वरून पाऊस आला की आपल्या काळ्या मातीत दिवाळीपर्यंत चाक शिरत नाही. दिवाळीनंतर झाडांवर फळ असते, तेव्हा त्यांच्यावर आंबा पाडणार कसा? म्हणून ताण संपायच्या आठ दिवस आधीची तारीख मी धरली. हे सगळे बरोबरच होते. आजही त्यात मला चूक काढता येत नाही.

त्या तारखेच्या चार दिवस आधी आपल्या बागेची राखण करणारी बाई सौंसरला घरी आली. ती गावच्या बौद्ध वस्तीत राहते. तिची आई आपल्याकडे तण निंदायला येत असे आणि ही स्वतः तीस वर्षे बागेत आहे. ताणाच्या दिवसांत तिकडे रोज एक फेरी मारणारी तीच एकटी. पाणी प्यायली आणि उभ्या उभ्याच म्हणाली, "बाई, आंब्यात धनेश हाये. मादी आत बसली अन् ढोलीचं तोंड लिपून घेतलं तिनं. नर खेपा करून राहिला."

धनेश म्हणजे घारीएवढा, राखी रंगाचा, वाकड्या लांब चोचीचा पक्षी. त्याची मादी अंडी घालायला झाडाच्या पोकळीत शिरते आणि स्वतःला आतून कोंडून घेते. तोंडाशी फक्त चोच मावेल एवढी फट ठेवते. आत गेल्यावर तिची उडायची पिसे गळून जातात. पिले मोठी होईपर्यंत ती आणि पिले सगळी नराने आणून दिलेल्या घासावर जगतात. मी हे पुस्तकात वाचलेले होते. बाईने ते आंब्याखाली बसून पाहिलेले होते. झाडाखाली रोज उंबराच्या ताज्या बिया पडतात म्हणाली, आणि आतून आता बारीक आवाजही येतो.

मी तिला वही उघडून ताणाचा, पाण्याचा, ट्रॅक्टरचा सगळा क्रम समजावला. तिला तो माझ्यापेक्षा चांगला ठाऊक होता. तरी तिने शेवटपर्यंत ऐकून घेतले. मग म्हणाली, "तुमचा दिवस ठरेल हाये, तसा तिचाबी ठरेल हाये. पाऊस लागला का निघतीन पिलं. यंदाचं साल जाऊ द्या."

मी म्हटले, पाखराला काय, दुसरे झाड मिळेल.

हे वाक्य मी जसेच्या तसे लिहिते आहे. तिने चहा घेतला, कप विसळून ठेवला आणि बस धरायला निघून गेली.

ठरल्या दिवशी मी सातला बागेत पोचले. मनात होते की आधी ढोली बघू, आणि खरेच काही दिसले तर विचार करू. पण ठेकेदाराची माणसे सहालाच येऊन वरच्या फांद्या उतरवू लागली होती. फांद्या पडत होत्या, आरीचा आवाज इतका होता की शेजारच्या माणसाचे बोलणे ऐकू येत नव्हते. बाई धुऱ्याच्या टोकाला उभी होती. तिने माझ्याकडे पाहिले. तेव्हाही थांबवता आले असते. ट्रॅक्टर उभा होता, माणसे आली होती, अर्धे झाड उतरले होते. मी हात वर केला नाही. साडेआठला खोड पडले, आणि जिथे ते पोकळ होते तिथेच उकलले.

आरी बंद झाल्यावर तो आवाज मला ऐकू आला. मादी जिवंत होती. पंखांच्या जागी नुसते खुंट. दोन पिले होती, त्यातले एक दबून गेले होते. दुसरे मान वर करून चोच उघडत होते, त्याला वाटले असेल की घास आला. ठेकेदाराचा एक माणूस जवळ येऊन चांगल्या मनानेच म्हणाला, "बाई, याचं तेल काढून ठेवा. गुडघ्याले लय गुणकारी रायते." मी गुडघ्यावर हात ठेवून बसले होते, म्हणून म्हणाला असेल. बाईने त्याच्याकडे असे काही बघितले की तो ट्रॅक्टरकडे निघून गेला.

पुढचे सगळे तिनेच केले. ढोलीचा तुकडा दोघांकडून उचलवून पंपाच्या खोलीच्या भिंतीला उभा टेकवला आणि दोराने बांधला. मादीला आणि उरलेल्या पिलाला फडक्यात धरून आत ठेवले. उकललेली बाजू ओल्या मातीने आणि शेणाने लिंपली, तोंडाशी बोटभर फट राखली. तिने ताणातल्या बागेत पंप सुरू करून माती कालवायला पाणी काढले आणि मला विचारले नाही. त्याआधी तीस वर्षांत तिने मला न विचारता पंप सुरू केला नव्हता.

नर दहाच्या सुमारास आला. चोचीत उंबर होते. आंब्याचा शेंडा जिथे असायचा त्या उंचीवर तो आला, आणि तिथे काहीच नव्हते. हवेतच वळला, पुन्हा आला, पुन्हा वळला. मग विजेच्या खांबावर जाऊन बसला. खाली, पन्नास पावलांवर, ढोलीतून मादी ओरडत होती. तो ऐकत असावा, कारण मान तिरपी करत होता. पण त्याचे घर वर होते, आणि तो वरच शोधत राहिला. दिवसभरात तो किती वेळा आला ते मी मोजले नाही. एकदा पंपाच्या छपरावर उतरला. आम्ही दोघी पंपाजवळच्या चिंचेमागे श्वास रोखून उभ्या होतो. तो छपरावरून दोन उड्या मारून पुढे आला, खाली वाकून बघितले आणि उडून गेला.

बाईने काडीच्या टोकाला उंबर लावून फटीतून दिले. मादीने घेतले नाही. पिलाने एक-दोन घेतले.

वनविभागाला मी फोन केला तो तिसऱ्या दिवशी. त्यांनी यायला वेळ लावला नाही, त्याच दुपारी माणूस आला आणि तो मला एक शब्दही कडू बोलला नाही. पहिल्याच दिवशी कळवले असते तर काही करता आले असते, एवढेच म्हणाला. पहिल्या दिवशी का कळवले नाही हे त्याने विचारले नाही, पण तुम्हाला सांगते. कळवायचे म्हणजे काय झाले ते सांगावे लागले असते, आणि वर्गात चाळीस वर्षे दुसऱ्यांच्या चुका लाल शाईने दाखवलेल्या बाईला ते तोंडातून काढता आले नाही. पिलू आदल्या संध्याकाळी गेले होते. मादी त्याच्या गाडीत, टोपलीत गेली. चौथ्या दिवशी त्याने फोन करून ती गेल्याचे कळवले.

नर आणखी पाच-सहा दिवस खांबावर येत होता, असे बाई सांगते. मी बघायला गेले नाही.

ठरल्याप्रमाणे पाणी सोडले. पाऊसही वेळेवर आला. आणि जी झाडे वर्षानुवर्षे वांझ होती ती त्या वर्षी अशी फुलली की धुऱ्यावरून जाणारे थांबून बघत. हिशोबाने मी खूश व्हायला हवे होते. तुम्हाला फोनवर फुले दाखवली होती ती त्याच ओळींतली. तुम्ही विचारले होते, वास कसा येतो, आणि मी सांगितला होता. बाकीचे सांगितले नव्हते.

तुमच्या शाळेत जगाचे सांगतात ते खरे असेल. मला जगाचे माहीत नाही. मला एवढेच माहीत आहे की इथे कोणी पाखरांवर उठलेले नव्हते. कागद रीतसर होता, तारीख योग्य होती, कारण चांगले होते. प्रत्येक धुऱ्यावरचे एकेक मोठे झाड अशाच एखाद्या चांगल्या कारणाने गेले असणार, आणि प्रत्येक वेळी कोणीतरी म्हटले असणार, पाखराला काय, दुसरे मिळेल.

ते दुसरे झाड शोधायला आम्ही यंदा निघालो. फाल्गुनात एक दिवस बाईचा निरोप आला की धनेशाची जोडी खांबावर बसून राहिली आहे. तोच नर की दुसरा, कोण सांगणार. मी गेले. दोघी मिळून आपले सगळे धुरे फिरलो, मग शेजाऱ्यांचे. संत्र्याच्या बुंध्यात काय ढोली असणार? कडुनिंब सगळे कोवळे. दुपारपर्यंत चाललो तेव्हा नाल्याच्या काठी एक जुना बेहडा सापडला. वर एक भोक होते आणि भोकाच्या काठावर पंजांचे ओरखडे. बाई म्हणाली, हेच पाहून ठेवलं त्याईनं.

बेहडा ज्यांच्या शेतात आहे त्यांना मी नववीत शिकवले आहे. अजून मला बाईच म्हणतात. घरी गेले तर त्यांनी खुर्ची दिली, संत्री सोलून दिली, आणि मी विषय काढताच हसले. बेहडा त्यांनाही काढायचा होता. सावली, तीच अडचण. ठेकेदार सांगून झाला होता, ताण संपायच्या आधीचा.

मी म्हटले, पिले निघेपर्यंत थांबा.

"अन् मंग ओल्यात ट्रॅक्टर कसा न्यायचा, बाई? साल गेलं ना माझं." मग आवाज न चढवता म्हणाले, "तुमीच तं आपला आंबा पाडला. अन् शाळेत आमाले टाइमटेबल पाळायले लावत होत्या."

मी त्यांना आंब्याचे सगळे सांगितले. खांबावर बसलेल्या नराचे, फडक्यातल्या पिलाचे, तिसऱ्या दिवशी केलेल्या फोनचेही. पहिल्यांदाच कोणाला तरी पूर्ण सांगितले. त्यांची बायको दारात येऊन उभी राहिली होती, ती आत गेली नाही. ते ऐकत असताना संत्र्याची साल बारीक बारीक तोडत होते. हो म्हणाले नाहीत. नाहीही म्हणाले नाहीत. मी उठले तेव्हा फाटकापर्यंत आले आणि म्हणाले, "तुमच्या राखणवालीले सांगा, ढोली लिपली का मले दाखवजो म्हना. मी सोता पाहीन. मंग ठेकेदाराचं पाहू."

तेव्हापासून बाई रोज सकाळी आधी नाल्याकडे जाते आणि मग आपल्या बागेत. मला फोन करते. काल संध्याकाळपर्यंत ढोलीचे तोंड उघडेच होते.